नाणेघाट आणि त्याच्या आधारानें वाढलेलीं गांवें

कल्याणहून मुरबाडमार्गें नगरकडे जाणारी सडक सह्याद्रीच्या पायथ्याशीं येऊं लागली, कीं माळशेजच्या चढणीपूर्वीं वैशाखरें नांवाचें एक लहानसें गांव लागतें. शाळेच्या नकाशांत तें सांपडणार नाहीं. गाडी तेथें थांबलीच, तर एखाद्या उतारूसाठीं थांबते आणि लगेच पुढें निघून जाते. परंतु श्रोतेहो, त्या थांब्यावर उतरून पूर्वेकडे मान वर केली, तर काळ्या पाषाणाची एक प्रचंड भिंत उत्तर-दक्षिण पसरलेली दिसते, आणि तिच्या माथ्यावर उभारलेल्या अंगठ्यासारखा एक कडा आभाळांत शिरलेला दिसतो. त्या बाजूचे लोक त्यास 'नानाचा अंगठा' म्हणतात. या अंगठ्याच्या कुशींत एक अरुंद खांच आहे. दोन हजार वर्षें कोंकणांतला माणूस देशावर चढला आणि देशावरचा कोंकणांत उतरला, तो ज्या थोड्या वाटांनीं, त्यांतील ही एक मुख्य वाट. हाच नाणेघाट.

आज मला आपणांशीं बोलावयाचें आहे तें या घाटाविषयीं आणि त्याच्या दोन्ही अंगांस वसलेल्या गांवांविषयीं. मोठमोठ्या राजधान्यांचा इतिहास आपण पुष्कळ ऐकतों. परंतु एखादी वाट चालू असली म्हणजे तिच्या कांठचीं गांवें कशीं वाढतात आणि वाट मोडली म्हणजे त्यांचें काय होतें, हें पाहावयाचें असेल, तर अशा आडबाजूच्या प्रदेशांतच गेलें पाहिजे.

प्रथम जमिनीचा विचार करूं. सह्याद्री हा खरें पाहतां डोंगर नव्हे; तो दख्खनच्या पठाराचा तुटलेला पश्चिम कांठ आहे. सुमारें साडेसहा कोटि वर्षांपूर्वीं लाव्हारसाचे थर एकावर एक सांचत गेले आणि त्यांचें हें पठार बनलें. देशाकडून पाहिलें तर त्याचा उतार इतका संथ, कीं घाटघर या माथ्यावरच्या गांवीं पोंचेपर्यंत आपण डोंगरावर आलों आहों हें ध्यानांतही येत नाहीं. आणि मग एकाएकीं जमीन संपते. पायाखालीं दोन-अडीच हजार फूट खोल कोंकण पसरलेलें असतें. थरांमध्यें कांहीं कठीण, कांहीं मऊ. त्यामुळें कड्यांना पायऱ्यांसारखे टप्पे पडले आहेत, आणि जेथें खडक चिरफळलेला होता तेथें पावसाच्या पाण्यानें नाळ कोरून काढली आहे. नाणेघाटाची खिंड ही मूळची अशीच एक नाळ. निसर्गानें दिलेली फट माणसानें छिन्नी-हातोड्यानें रुंद केली, पायऱ्या पाडल्या, फरसबंदी केली, एवढेंच.

या कांठावर पाण्याची वांटणी कशी होते पहा. खिंडीच्या पश्चिमेस पडलेला थेंब उल्हास नदीच्या खोऱ्यांतून एकदोन दिवसांत अरबी समुद्रास मिळतो. तोच थेंब कांहीं पावलें पूर्वेस पडला तर कुकडींत उतरतो. कुकडी घोडीस, घोड भीमेस, भीमा कृष्णेस मिळते, आणि सबंध दख्खन ओलांडून तो थेंब पूर्वसमुद्रास जातो. पावसाळ्यांत तर येथें आणखी एक चमत्कार पाहावयास मिळतो. कड्यावरून खालीं झेंपावणारें पाणी कोंकणांतून वर उसळणाऱ्या वाऱ्यानें उलटें फेंकलें जातें आणि धबधबा खालीं न पडतां वर उडाल्यासारखा दिसतो. हल्लीं तेवढ्याचसाठीं शेंकडों माणसें तेथें जातात आणि भिजून परत येतात. पाठीमागच्या लेण्यांत डोकावणारे त्यांत थोडेच.

मीं प्रथम हा घाट चढलों तो मार्गशीर्षांत, वैशाखऱ्याच्या बाजूनें. पहिला तास रानांतून जातो. नंतर खडक लागतो आणि वाटेंत मधूनमधून खडकांत खोदलेलीं पाण्याचीं टाकीं दिसूं लागतात. त्यांतील पाणी त्या दिवसांतही निवळ होतें. शेवटची चढण दोन्ही बाजूंच्या कड्यांमधून जाते आणि तेथेंच, माथ्याच्या अगदीं जवळ, वाटेला लागून एक चौकोनी लेणें आहे. आंत कोरीव खांब नाहींत, बुद्धमूर्ति नाहीं, देव नाहीं. धर्मशाळेसारखी ती एक मोकळी जागा आहे. दमलेला मुसाफर आंत बसतो, डोळे अंधारास सरावतात, आणि मग त्यास दिसतें, कीं डाव्याउजव्या भिंती अक्षरांनीं भरलेल्या आहेत.

तीं अक्षरें ब्राह्मी लिपींतील आहेत आणि भाषा प्राकृत आहे. इ. स. १८२८ सालीं कर्नल साइक्स या इंग्रज अधिकाऱ्यानें तीं पाहिलीं व पुढें विद्वानांच्या नजरेस आणलीं. पंडित भगवानलाल इंद्रजी यांनीं त्यांचा अभ्यास केला आणि १८८३ सालीं ब्यूलर यांनीं सबंध लेखाचें वाचन भाषांतरासह छापलें. लेख एका राणीचा आहे. तिचें नांव नागनिका. ती सातवाहन वंशांतील सातकर्णि राजाची पत्नी आणि एका महारठीची कन्या. आरंभीं धर्म, इंद्र, संकर्षण व वासुदेव, चंद्र-सूर्य आणि यम, वरुण, कुबेर, वासव हे चार लोकपाल यांस नमन आहे. त्यानंतर तिचें वर्णन येतें: ती महिना-महिना उपवास करणारी, घरांत राहून तपस्विनीसारखी वागणारी, ब्रह्मचर्य पाळणारी अशी आहे. यावरून बहुतेक पंडित असें मानतात, कीं लेख कोरविला तेव्हां ती विधवा होती आणि अज्ञान मुलांच्या वतीनें कारभार पाहत होती. लेखाचा काळ सामान्यतः इसवी सनापूर्वीचें पहिलें शतक धरतात. कोणी त्याच्याही मागें जातात.

पुढचा सारा लेख म्हणजे यज्ञांची आणि दक्षिणांची यादी आहे. अश्वमेध, राजसूय यांसारखे मोठे यज्ञ त्यांत आहेत. अग्न्याधेयास १२ गाई आणि १ घोडा दिला; अन्वारंभणीयेस १७०० गाई व १० हत्ती दिले; कोठें कार्षापण नाण्यांच्या राशी, कोठें वस्त्रें, कोठें गांव. मी तेथें उभा राहून ती यादी वाचतांना माझ्या मनांत एक साधी शंका आली. एवढी श्रीमंती राजधानींत, देवालयांत किंवा यज्ञभूमींत कोरविली असती तर समजण्यासारखें होतें. ती या ओसाड खिंडींत, रानवाऱ्यांत कां कोरविली? उत्तर उघड आहे. त्या काळीं ही खिंड ओसाड नव्हती. समुद्राकडून येणारा प्रत्येक व्यापारी, प्रत्येक तांडा येथें क्षणभर विसांवत असे. राज्यांत पाऊल टाकतांच राजकुलाचा प्रताप त्याच्या डोळ्यांपुढें यावा, यापेक्षां मोक्याची जागा दुसरी कोणती मिळणार? आजच्या भाषेंत बोलावयाचें, तर ती सीमेवरची पाटी होती.

मागच्या भिंतीवर राजकुलांतील व्यक्तींच्या मूर्ति ओळीनें कोरलेल्या होत्या. आज त्यांतील एकही उरलेली नाहीं. जमिनीलगत पावलांच्या खुणा आणि डोक्यावरचीं नांवें एवढेंच राहिलें आहे. सिमुक सातवाहन, नागनिका व सातकर्णि, कुमार भाय, महारठी त्रणकयिर, कुमार हकुसिरि, कुमार सातवाहन अशीं तीं नांवें वाचतां येतात. माणसें गेलीं, चेहरे गेले, आणि नांवाच्या पाट्या तेवढ्या भिंतीवर लोंबत राहिल्या, असा तो देखावा आहे. तो पाहून क्षणभर मन विषण्ण होतें हें खरें. परंतु इतिहासाच्या अभ्यासकास त्या पाट्यांनीं जें दिलें आहे तें मूर्तींनीं कदाचित् दिलें नसतें. सिमुकाचें नांव पुराणांतील याद्यांतून येतें. तो खरोखर होऊन गेला याचा दगडांतील पुरावा या पाटीनें दिला.

या लेखाची आणखी एक महती आहे आणि ती गणितज्ञांनाही मान्य आहे. दक्षिणांचे आंकडे येथें अक्षरांनीं नव्हे, अंकचिन्हांनीं लिहिलेले आहेत. हिंदुस्थानांतील अंकलेखनाच्या सर्वांत जुन्या नमुन्यांत यांची गणना होते. अर्थात् हे अंक आपल्यासारखे स्थानमूल्याचे नव्हेत. दहासाठीं निराळें चिन्ह, विसासाठीं निराळें, शंभरासाठीं निराळें. सातशें लिहावयाचे तर शंभराच्या चिन्हास साताचें चिन्ह जोडावयाचें, अशी ती पद्धति. शून्य त्यांत नाहीं. तरीही चार, सहा, सात, नऊ यांचीं रूपें डोळ्यांपुढें ठेवून मागोवा घेत गेलें, तर आपल्या मुलांच्या पाटीवरील अंकांचे पूर्वज ओळखूं येतात. घाटघरच्या शाळेंतील मुलगा गणिताचा आरंभ आपल्या गांवच्या कड्यांत पाहूं शकतो, हें भाग्य मोठमोठ्या शहरांतील मुलांना नाहीं.

लेण्यापासून थोडें वर चढून माथ्यावर आलें, कीं वाटेच्या कडेस दगडाचा एक भला मोठा रांजण दिसतो. घाटावर येणाऱ्या मालाची जकात या रांजणांत टाकीत आणि संध्याकाळपर्यंत तो नाण्यांनीं भरून जाई, म्हणून घाटास नाणेघाट नांव पडलें, असें सांगतात. गोष्ट गोड आहे आणि तिचा मोह मलाही आवरत नाहीं. परंतु खरें सांगावयाचें तर नागनिकेच्या लेखांत जकातीचा एक शब्दही नाहीं. उघड्या वाटेवर, ढगांच्या मुलुखांत, दगडाचा रांजण पाण्याकरितांही ठेविलेला असूं शकेल. एवढें मात्र निश्चित, कीं अशा खिंडींत जकात घेतल्याशिवाय कोणताही राजा राहिला नसता. चार माणसें आणि एक दोर एवढ्या सामग्रीवर येथें सबंध व्यापार अडवितां येतो. रांजण जकातीचा असो वा नसो, जागा जकातीची आहे.

आतां हा व्यापार कोणता होता? पहिल्या शतकांत एका ग्रीक नाविकानें लिहिलेला 'पेरिप्लस' नांवाचा ग्रंथ उपलब्ध आहे. त्यांत कल्याणचें नांव येतें. पूर्वींच्या सातवाहन राजाच्या काळीं कल्याण हें मान्यताप्राप्त बंदर होतें, पण आतां तेथें अडवणूक होते आणि चुकून येणाऱ्या ग्रीक जहाजांना पहाऱ्याखालीं भडोचला नेतात, असें तो सांगतो. पैठण आणि तगर, म्हणजे आजचें तेर, या दोन बाजारपेठांचाही त्यांत उल्लेख आहे. कल्याण खालीं, पैठण वर, आणि मध्यें ही भिंत. कल्याणहून पैठणास जावयाचें तर सरळ रेषेंत येणारी खिंड ती ही. क्षत्रप आणि सातवाहन यांच्या झगड्यांत बंदरें कां बंद पडत आणि कां उघडत, याचा उलगडा राजांच्या वंशावळींपेक्षां या भूगोलानें अधिक चांगला होतो.

घाटमाथ्यावरून नऊ-दहा कोस पूर्वेस गेलें, कीं जुन्नर लागतें. गांवाच्या भोंवतीं डोंगरांचें कडें आहे आणि त्या प्रत्येक डोंगराच्या पोटांत लेणीं आहेत. तुळजा, लेण्याद्रि, मानमोडी, शिवनेरी मिळून त्यांची संख्या दोनशेंच्या वर जाते. एका गांवाभोंवतीं इतकीं लेणीं महाराष्ट्रांत दुसरीकडे नाहींत. तीं अजिंठ्यासारखीं रंगीत नाहींत, वेरूळसारखीं भव्य नाहींत. म्हणून प्रवासी त्यांकडे फिरकत नाहींत. तुळजा लेण्यांतील वर्तुळाकार चैत्य, बारा अष्टकोनी खांबांचा, कसलीही नक्षी नसलेला, मला व्यक्तिशः पुष्कळ नांवाजलेल्या लेण्यांपेक्षां अधिक आवडतो. पण आवडीनिवडीचा प्रश्न बाजूस ठेवूं. या लेण्यांचें खरें धन त्यांच्या दानलेखांत आहे.

लेण्याद्रीचा चैत्य कोणीं कोरविला? कल्याणच्या हेरणिकाचा पुत्र सुलसदत्त यानें. म्हणजे घाटाखालच्या बंदरांत मिळविलेला पैसा घाटावरच्या डोंगरांत दगड झाला. मानमोडीवर भरुकच्छाच्या, म्हणजे भडोचच्या, दात्यांचें नांव आहे. तीन ठिकाणीं दाते 'यवन' आहेत: एकानें पाण्याचें टाकें दिलें, एकानें भोजनमंडप दिला, एकानें लेण्याचें दर्शनी काम करविलें. त्यांचीं इरिल, चिट, चंद हीं नांवें वाचलीं म्हणजे समुद्रापलीकडून आलेलीं हीं माणसें येथें किती रुळलीं होतीं याची कल्पना येते. कारण ज्याला उद्यां परत जावयाचें आहे, तो परक्या गांवांत भिक्षूंच्या जेवणाची सोय करीत नाहीं. याशिवाय धान्य विकणाऱ्यांची श्रेणी, बांबूकाम करणाऱ्यांची श्रेणी, कांसारांची श्रेणी अशा धंदेवाल्यांच्या संघांचेही लेख आहेत. कांसारांनीं, बुरुडांनीं संघ करून ठेवी घ्याव्या आणि धर्मकार्य चालवावें, हें ज्या गांवीं शक्य होतें तें खेडें नव्हतें. क्षत्रप नहपानाचा अमात्य अयम याचा ४६ या वर्षाचा लेखही मानमोडींत आहे. तेव्हां सत्तेचीं माणसेंही येथें राहत होतीं.

या सर्व नांवांत एक वर्ग मात्र कोठेंही नाहीं, हें मला नमूद करावेंसें वाटतें. राजा आहे, राणी आहे, अमात्य आहे, सावकार आहे, कांसार आहे. नाणेघाट चढून ओझीं आणणारा माणूस नाहीं. बैल आणि हमाल यांच्या पाठीवर तो सबंध व्यापार उभा होता, आणि त्यांनीं टाकें खोदविल्याचा लेख सांपडत नाहीं. कदाचित् टाकें त्यांनींच खोदलें असेल.

जुन्नरच्या भोंवतालच्या प्रदेशाचीं नांवें ऐकण्यासारखीं आहेत. कुकडीचें खोरें तें कुकडनेर, मीनेचें तें मीननेर, भीमेचें तें भीमनेर. नदीच्या नांवापुढें 'नेर' जोडून खोऱ्याचें नांव करावयाचें, ही येथली जुनी रीत. जुन्नर हें नांव 'जुनें नगर' यावरून आलें असें सांगतात. सरकारी तालुके झाले आणि हीं नांवें कागदोपत्रीं मागें पडलीं. परंतु म्हाताऱ्या माणसाच्या तोंडीं अजून ऐकूं येतात. खोऱ्याच्या नांवानें बोलणारा माणूस पाण्याच्या वाटेनें विचार करतो.

खिंडीच्या राखणीस किल्ले आहेत. नाणेघाटाच्या उशाशींच जीवधन, त्याच्या शेजारीं वानरलिंगीचा सरळसोट सुळका. तेथून जुन्नरकडे येतांना चावंड, हडसर आणि शेवटीं शिवनेरी. नकाशावर हे किल्ले जोडले तर घाटाची वाटच आंखल्यासारखी होते. किल्ले राजांचे म्हणून आपण ओळखतों. वस्तुतः ते वाटेचे आहेत. चावंडच्या वाटेवर पूर या गांवीं कुकडेश्वराचें शिलाहारकालीन देऊळ आहे. कुकडीचा उगम तेथें मानतात.

मध्ययुगांत जुन्नरचें दैव पुन्हां उघडलें. बहमनी राज्य मोडकळीस आलें तेव्हां मलिक अहमद यानें येथूनच १४९० सालीं स्वातंत्र्य पुकारलें. निजामशाहीची पहिली राजधानी जुन्नर; अहमदनगर, म्हणजे आजचें अहिल्यानगर, मागून वसलें. १६३० सालीं शिवनेरीवर शिवाजीमहाराजांचा जन्म झाला. तो प्रसंग प्रत्येक मराठी मुलास ठाऊक आहे. मी तो विस्तारानें सांगत नाहीं. पुढें १६५७ सालीं महाराजांनीं मोगलांचें जुन्नर ठाणें रात्रीं दोर लावून लुटलें आणि तीन लक्ष होन व दोनशें घोडे नेले, असें इतिहास सांगतो. आपल्याच जन्मस्थळाच्या पायथ्याशीं शत्रूप्रमाणें यावें लागलें हा योग विलक्षण खरा. पण तीन लक्ष होन तेथें होते ही गोष्ट जुन्नरची त्या वेळची पेठ किती सधन होती तें सांगते.

१६७५ सालीं जॉन फ्रायर नांवाचा इंग्रज वैद्य मोगल अधिकाऱ्याच्या बोलावण्यावरून मुंबईहून जुन्नरास गेला. जातांना तो एका भलत्याच बिकट वाटेनें चढला. येतांना नाणेघाटानें उतरला आणि ही वाट पुष्कळ सोपी असल्याचें त्यानें लिहून ठेविलें. पेशवाईंत जुन्नरी कागदाची ख्याति होती. दप्तरांतील कागद पुष्कळदां तेथलाच असे. आज पुण्यांतील पेशवे दप्तर चाळणाऱ्याच्या बोटांखालीं कुकडीच्या पाण्यांत भिजवून कुटलेला लगदा येत असेल, हें सहसा कोणाच्या मनांत येत नाहीं.

घाटमाथ्याची वस्ती मुख्यतः महादेव कोळी समाजाची. खिंडींची राखण, वाटाड्याचें काम, रान राखणें हें पिढ्यान् पिढ्या त्यांच्याकडे होतें. सतराव्या शतकाच्या मध्यास मोगलांच्या सारापद्धतीविरुद्ध त्यांनीं बंड केलें आणि तें फार निर्दयपणें मोडण्यांत आलें. शिवनेरीवर 'कोळी चौथरा' दाखवितात. पकडलेल्या कोळ्यांचीं मस्तकें तेथें उडविलीं अशी आठवण लोकांनीं जपून ठेविली आहे. गडावर जन्मस्थानाचें दर्शन घेऊन परतणाऱ्या यात्रेकरूंपैकीं त्या चौथऱ्यापाशीं थांबणारे थोडे. थांबावें, असें मला वाटतें.

मग वाट मोडली ती कशी? तलवारीनें नव्हे. १८१८ सालीं इंग्रजी राज्य आलें. १८३० सालीं बोरघाटांतून गाड्यांचा रस्ता खुला झाला. १८६३ सालीं बोरघाटांतून आणि १८६५ सालीं थळघाटांतून आगगाडी चढली. एका बाजूस खंडाळा, दुसऱ्या बाजूस इगतपुरी. बरोबर मधला नाणेघाट उपाशी राहिला. ज्या मालास बैलाच्या पाठीवरून आठवडा लागे, तो रात्रींतून पुण्यास पोंचूं लागला. बैलांचे तांडे विरळ झाले, मग थांबले. पुढें मोटारीचा रस्ता आला तोही शेजारच्या माळशेजनें. कोणी मुद्दाम या गांवांचें वाईट केलें असें नाहीं. चाकाला पायऱ्या चालत नाहींत, एवढाच या अनर्थाचा अर्थ.

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत कुकडी प्रकल्प झाला. कुकडीवर माणिकडोह व येडगांव, मीनेवर वडज, घोडीवर डिंभें, आरेवर पिंपळगांव जोगें अशीं धरणें बांधलीं गेलीं. खालच्या बाजूची दुष्काळी जमीन त्या पाण्यानें भिजली. जुन्नर-नारायणगांवच्या बागाइतीची बरकत आज जगजाहीर आहे, आणि ती कमी लेखण्याचा माझा हेतु नाहीं. पण वरच्या अंगास, जेथें पाऊस कोसळतो, तेथल्या सुपीक तळजमिनी धरणांच्या पोटांत गेल्या. ज्यांच्या डोक्यावर मेघ फुटतो त्यांना उन्हाळ्यांत हंडाभर पाण्यासाठीं चालावें लागतें, आणि तें पाणी चाळीस कोसांवर उसास मिळतें, असा हा उफराटा हिशेब आहे. घाटमाथ्यावर राहिला तो भात, नाचणी, वरई, आणि रानांतला हिरडा. बाळहिरडा गोळा करून, वाळवून विकावयाचा, हा येथील घराघरांतला धंदा. त्या वर्षीं हिरड्याचा भाव काय येतो यावर मुलांच्या वह्यापुस्तकांचा प्रश्न सुटतो किंवा अडतो.

२०१८ सालीं शासनानें जुन्नर हा पर्यटन तालुका म्हणून जाहीर केला. माणसें येऊं लागलीं, चहाच्या टपऱ्या निघाल्या, गाड्यांच्या रांगा लागूं लागल्या. चार पैसे घाटघरास मिळतात याचा मला आनंद आहे. मात्र लेण्याच्या भिंतींवर मीं खिळ्यानें कोरलेलीं आणि रंगानें लिहिलेलीं ताजीं नांवें पाहिलीं. नागनिकेचा लेख आधींच पावसानें व वाऱ्यानें झिजत आहे. कांहीं ओळींत मधलीं अक्षरें नाहींशीं झालीं आहेत आणि तीं परत मिळावयाचीं नाहींत. उरलेल्या अक्षरांवर आपलें नांव कोरणारा मनुष्य काय पुसतो आहे, हें त्यास कोणीं सांगितलेलें नसतें. लेण्याबाहेर मराठींत चार ओळी लिहून ठेवल्या आणि गांवांतीलच एखाद्या तरुणास वाचून दाखविण्याचें काम पगारानें दिलें, तर निम्मा उपद्रव थांबेल, अशी माझी समजूत आहे.

त्या मार्गशीर्षांतल्या दिवशीं माथ्यावर मला घाटघरचे एक वृद्ध गृहस्थ भेटले. रांजणाच्या कडेस ते शेळ्या राखीत बसले होते. मीं त्यांना लेण्यांतील राणीविषयीं विचारलें. त्यांनीं मान हलविली. राणी त्यांच्या ऐकिवांत नव्हती. मग मीं विचारलें, "बाबा, या वाटेनें पूर्वीं काय येत असे?"

ते लगेच म्हणाले, "मीठ."

आणि मग त्यांनीं सांगितलें, कीं त्यांची आजी पहांटे तांदळाचें गांठोडें घेऊन वैशाखऱ्याच्या अंगानें बाजारास उतरे आणि संध्याकाळीं मीठ व सुकी मासळी डोक्यावर घेऊन तोच घाट चढून येई. गाडीनें मीठ जुन्नरास केव्हांच येऊं लागलें होतें. पण जुन्नर दहा कोस, आणि खालचा बाजार पायांखालीं. "ती अंगठ्याखालच्या टाक्यापाशीं टेकायची," ते म्हणाले. "तिथंच पाणी प्यायची. वरच्या टाक्याचं पाणी तिला नाय आवडायचं."

मीं कोणतें टाकें तें विचारलें. ते उठले, शेळ्या तशाच सोडून चार पावलें माझ्याबरोबर खिंडींत उतरले आणि काठीनें तें टाकें मला दाखविलें.